राणीचे खलिते आणि पडद्यावरचा घोडा

झाशीच्या राणी लक्ष्मीबाईवरचा ‘मणिकर्णिका’ हा हिंदी सिनेमा २५ जानेवारी २०१९ ला लागला, म्हणजे प्रजासत्ताक दिनाच्या आदल्या दिवशी. तारखेवरूनच कळतं की प्रेक्षकाने कोणत्या मनःस्थितीत थिएटरात यावं अशी अपेक्षा होती. सुरुवातीलाच मनू, म्हणजे लग्नाआधीची लक्ष्मीबाई, धनुष्यबाण घेऊन वाघासमोर उभी राहते. वाघ संगणकावर बनवलेला आहे आणि त्याला कायद्याचंही कारण आहे: वाघ, सिंह, बिबळ्या, अस्वल, माकड या प्राण्यांना खेळात किंवा चित्रीकरणात वापरायला भारतात १९९० च्या दशकाच्या अखेरीपासून बंदी आहे. त्यामुळे तांत्रिक कुरकुर करण्यात अर्थ नाही. कुरकुर करायची तर वेगळ्या गोष्टीची करावी. या एका दृश्यात सिनेमाने आपला निकाल देऊन टाकलाय की ही मुलगी जन्मजात राणी आहे, आणि पुढचे सव्वादोन तास फक्त ते सिद्ध व्हायचं बाकी आहे. एका आश्रित कारभाऱ्याची मुलगी सत्तेपर्यंत पोचली कशी, हा प्रश्नच मग उरत नाही.

तो प्रश्न मला फार रंजक वाटतो, कारण त्याचं उत्तर कागदपत्रांत जवळजवळ तारीखवार सापडतं.

आधी घराणं. मोरोपंत तांबे हे दुसऱ्या बाजीरावाचे भाऊ चिमाजीअप्पा यांच्या पदरी काशीला होते. मनूचा जन्म तिथलाच. जन्मसाल कुणी १८२८ धरतं. दत्तात्रय बळवंत पारसनिसांनी १८९४ साली मराठीत राणीचं चरित्र लिहिलं, त्यांनी १८३५ धरलं. सात वर्षांचा हा फरक किरकोळ नाही. एका हिशोबाने नवरा वारला तेव्हा ती पंचविशीची होती, दुसऱ्याने अठरा वर्षांची. सिनेमाला हा घोळ परवडत नाही, तो नायिकेच्या वयाप्रमाणे चालतो. चिमाजीअप्पा गेल्यावर तांबे मंडळी बिठूरला पेशव्यांकडे आली आणि १८४२ मध्ये मनूचं लग्न झाशीच्या गंगाधरराव नेवाळकरांशी झालं. नेवाळकर मूळचे रत्नागिरीकडचे, खानदेशात पारोळ्याला त्यांची जहागीर. झाशीचं राज्य पेशव्यांच्या सुभेदारीतून उभं राहिलेलं आणि पुढे इंग्रजांशी तह करून टिकलेलं. दरबारच्या शिक्क्यात १८३२ पासून राजाने स्वतःला इंग्लंडच्या बादशहाचा ‘फिदवी’, म्हणजे निष्ठावान सेवक, म्हणवून घेतलं होतं. म्हणजे राणी ज्या गादीवर आली, ती गादी आधीच कंपनी सरकारच्या दोरीने बांधलेली होती.

सिनेमातला गंगाधरराव हातात बांगड्या घालतो आणि त्याचा अर्थ गुलामीची आठवण असा लावून दिला जातो. जिशू सेनगुप्ताने ते काम समजून केलंय. पण खऱ्या गंगाधररावांच्या बाबतीत सगळ्यात ठळक गोष्ट म्हणजे त्यांचा नाटकाचा नाद. त्यांनी झाशीत नाटकशाळा चालवली, स्वतः रंगभूमीत रमले. १८५८ च्या वेढ्यात राणीच्या बाजूने असलेली मोतीबाई मूळची तिथलीच नटी, असं झाशीची परंपरा सांगते. नाटकवेड्या राजाची बायको पुढे दरबारात पडद्याआडून आणि पडद्याबाहेर कधी कसं दिसायचं हे इतकं नेमकं जाणत होती, त्यात त्या नाटकशाळेचा वाटा असणार असं मला वाटत आलं आहे. हा निव्वळ माझा तर्क.

आता मुख्य दिवस: २० नोव्हेंबर १८५३.

गंगाधरराव अखेरच्या आजारात. राणीला १८५१ मध्ये मुलगा झाला होता, तो तीनेक महिन्यांत गेला. सिनेमात या मृत्यूमागे विषप्रयोग आहे आणि तो करणारा सदाशिव नावाचा घरभेदी आहे. इतिहासात असा विषप्रयोग नाही. सदाशिव मात्र आहे, त्याच्याकडे येऊच. वारस नाही म्हणून नेवाळकरांच्याच शाखेतल्या वासुदेवरावांचा पाच वर्षांचा आनंदराव दत्तक घ्यायचं ठरलं. दत्तविधान म्हणजे काय करायचं, हे त्या काळच्या प्रत्येक घराला पाठ होतं. सगोत्र मूल बघायचं, संकल्प सोडायचा, जन्मदात्याने घेणाऱ्याच्या हातावर पाणी सोडून मूल द्यायचं, होम करायचा, नवं नाव ठेवायचं. आनंदरावाचा दामोदरराव झाला. शास्त्राच्या बाजूने काम पुरं झालं.

पण झाशी दरबाराने त्यापुढे जाऊन एक काम केलं. इंग्रजांचे मेजर एलिस आणि कॅप्टन मार्टिन यांना साक्षीला बोलावलं आणि महाराजांचं पत्र एलिसच्या हाती दिलं. त्यात दत्तकाला मान्यता मागितली होती आणि राणीच्या हयातीत राज्याचा कारभार तिच्या हाती राहावा असंही म्हटलं होतं. दुसऱ्या दिवशी महाराज गेले. म्हणजे राणीच्या सत्तेचा पहिला पुरावा म्हणजे मरणाच्या आदल्या दिवशी साक्षीदारांदेखत दिलेला एक कागद. पाच वर्षांचं मूल, त्याची पालक आई, आणि वर ‘हयातीपर्यंत’ हा शब्द. कुठल्याही वकिलाने आजही असाच मसुदा केला असता.

सिनेमात ही सगळी हालचाल भराभर उरकते आणि राणी भरल्या दरबारात सिंहासनावर बसते. टाळ्यांची जागा आहे, मान्य. पण प्रत्यक्षात त्यानंतरचे चार महिने वाट बघण्यात गेले.

त्या चार महिन्यांत राणीने खलिते, म्हणजे दरबारी पत्रं, पाठवले. १६ फेब्रुवारी १८५४ चा, गव्हर्नर जनरल डलहौसीला लिहिलेला खलिता बघण्यासारखा आहे. त्यात रडारड नाही आणि धमकीही नाही. १८०४ आणि १८१७ चे तह काढले आहेत. १८१७ च्या तहात तेव्हाचे झाशीचे राज्यकर्ते रामचंद्रराव यांचे ‘वारस आणि उत्तराधिकारी’ पिढीजात राज्य करतील असं कलम आहे. हिंदू शास्त्राप्रमाणे दत्तक हा पूर्ण वारस असतो, तर तहातल्या वारसात तो का बसू नये, असा मुद्दा आहे. शिवाय बुंदेलखंडातल्याच दतिया आणि ओरछा या संस्थानांत दत्तक मान्य केल्याचे दाखले आहेत. एलिसलाही हे पटलेलं होतं, त्याने वर तसं लिहिलंही. डलहौसीने २७ फेब्रुवारीच्या टिपणात ते उडवून लावलं. त्याचं म्हणणं असं की ओरछा स्वतंत्र संस्थान, झाशी मात्र पेशव्यांची सुभेदारी, म्हणजे मांडलिकाची मांडलिक. पेशव्यांचे हक्क कंपनीकडे आले, तेव्हा दत्तक मानायचा की नाही हे कंपनी ठरवणार. साताऱ्याचं राज्य १८४८ मध्ये याच वाटेने गेलं होतं आणि नागपूरकर भोसल्यांचं राज्यही झाशीच्या आगेमागेच गेलं. मार्च १८५४ मध्ये झाशी खालसा झाली.

इथे राणीचं गाजलेलं वाक्य येतं. त्याचा सगळ्यात जवळचा लेखी पुरावा ज्याच्याकडे आहे तो माणूस म्हणजे जॉन लँग. जन्माने ऑस्ट्रेलियन, पेशाने वकील आणि पत्रकार, कंपनीविरुद्ध खटले लढवण्यात वाकबगार. राणीने त्याला आग्र्याहून १८५४ मध्ये बोलावून घेतलं. सोनेरी कागदावर फारसीत लिहिलेलं निमंत्रण गेलं. भेटीआधी मानपानाचा प्रश्न निघाला: साहेबाने जोडे काढायचे का? बऱ्याच घासाघिशीनंतर तोडगा निघाला, साहेब जोडे काढेल पण टोपी डोक्यावर ठेवेल. लँग पडद्यासमोर बसला. छोट्या दामोदररावाने पडदा बाजूला ओढला, की ओढवला गेला, आणि त्याला क्षणभर राणी दिसली. त्याने जे लिहून ठेवलंय ते असं: मध्यम बांधा, थोडी स्थूलतेकडे झुकणारी, वय सव्वीस-सत्तावीसच्या आसपास, डोळे फार सुंदर, चेहऱ्यावर हुशारी, रंग फार गोरा नाही, अंगावर साधी पांढरी तलम मलमल, कानांतल्या सोन्याच्या दागिन्यांखेरीज एकही अलंकार नाही. आवाज मात्र त्याला बिलकुल आवडला नाही, रडका आणि घोगरा यांच्या मधला कुठलातरी वाटला. त्याने सल्ला दिला की तनखा घ्या, पण निषेध नोंदवून घ्या आणि विलायतेत अपील करा. त्यावर ती म्हणाली, ‘मेरा झाँसी नहीं देंगे.’ व्याकरण बिघडलेलं असेल लँगच्या कानामुळे, किंवा मराठी घरातल्या बाईची हिंदी तशीच असेल.

या प्रसंगावर अख्खा सिनेमा उभा राहू शकला असता. खोलीत तीन माणसं आणि एक कापडी पडदा. बाईकडे सैन्य नाही, खजिना नाही, किल्ला हातचा जातोय, आणि ती परक्या देशातल्या वकिलाला समोर बसवून आपल्या केसची ताकद तपासते आहे. ‘मणिकर्णिका’ला याची गरज वाटली नाही. तिथे तेच वाक्य मोठ्या आवाजात, व्याकरणशुद्ध होऊन येतं.

मधली तीन वर्षं तर कुठलाच सिनेमा दाखवत नाही, कारण त्यांत घोडे नाहीत. राणी किल्ल्यावरून शहरातल्या वाड्यात उतरली. तनखा महिना पाच हजार, वर्षाला साठ हजार. मग सरकारने सांगितलं की महाराजांची देणी याच तनख्यातून वळती होतील. राणीचा युक्तिवाद सरळ होता: राज्य तुम्ही घेतलंत, राज्यावरचं कर्जही घ्या. ऐकलं गेलं नाही. महालक्ष्मीच्या देवळाला लावून दिलेल्या गावांचं उत्पन्न काढून घेतलं, झाशीत गोवधाला परवानगी दिली. दोन्हींवर तिने अर्ज केले. सगळ्यात बोचणारी गोष्ट दामोदररावाच्या मुंजीची. गंगाधररावांची खाजगी मालमत्ता, सहा लाखांच्या घरातली रक्कम, मुलगा वयात येईपर्यंत सरकारच्या ताब्यात ठेवली होती. म्हणजे गादीसाठी दत्तक नामंजूर, पण खाजगी संपत्तीसाठी मंजूर! राणीने मुंजीसाठी त्यातला एक लाख मागितला तर चार जामीन आणा म्हणून सांगितलं. ज्या शहरात कालपर्यंत आपला हुकूम चालत होता तिथेच आपल्याच मुलाच्या पैशासाठी सावकारांकडून जामीन घ्यायचे. जामीन मिळाले, मुंज थाटात झाली. चार जामीन मिळणं याचा अर्थ शहरातला पैसेवाला वर्ग अजून तिच्या शब्दावर पैसे लावायला तयार होता. राजकारणात याला ताकद म्हणतात आणि पुढे तीच कामाला आली.

विधवापणाचा भाग सिनेमाने आजच्या प्रेक्षकाला रुचेल असा केलाय. राणी रूढी झुगारते, पांढऱ्या लुगड्याला आणि काशीवासाला नकार देते. खरी बाई जास्त गुंतागुंतीची होती. लँगने तिला पांढऱ्या साध्या वस्त्रातच पाहिलं. विष्णुभट गोडशांनी तिची दिनचर्या लिहिली आहे. पेणजवळच्या वरसईचे हे भिक्षुक १८५७ मध्ये दक्षिणा मिळेल या आशेने उत्तरेत गेले आणि नेमके बंडात सापडले. त्यांचा ‘माझा प्रवास’ १९०७ मध्ये छापून आला. त्यांच्या लिहिण्याप्रमाणे बाई पहाटे उठून जोर, जोडी, मलखांब करायची, घोडा फेकायची, मग भरपूर गरम पाण्याने सावकाश आंघोळ. दुपारी अकराशे वेळा रामनाम लिहून त्या चिठ्ठ्या कणकेच्या गोळ्यांत घालून माशांना टाकायच्या. संध्याकाळी पुराण. दरबारात कधी लुगडं, कधी पायजमा, टोपी आणि कमरेला तलवार. मलखांब आणि रामनाम एकाच दिवसात, एकाच बाईचं. तिने रूढी मोडल्या असं म्हणण्यापेक्षा कुठली पाळायची आणि कुठली बाजूला ठेवायची हे दर वेळी स्वतः ठरवलं, असं म्हटलं तर ते पुराव्याला धरून होईल. पडद्यावर असा माणूस दाखवणं अवघड आहे खरं. पटकथेला एकच उत्तर लागतं.

आणि आता ते पान, जे हिंदी सिनेमा हमखास फाडून टाकतो.

५ जून १८५७ ला झाशीतल्या पलटणीत बंड झालं. ८ जूनला किल्ल्यातून बाहेर आलेल्या साठेक गोऱ्या माणसांची, बायकामुलांसकट, जोखनबागेत कत्तल झाली. शिपायांनी राणीकडून पैसे उकळले, ‘मुल्क बादशाह का, हुक्म रानी लक्ष्मीबाई का’ अशी दवंडी पिटली आणि ते दिल्लीकडे निघून गेले. मागे उरलं बेवारस शहर. राणीने १२ आणि १४ जूनला सागरच्या कमिशनरला, मेजर अर्स्किनला पत्रं लिहिली. शिपायांनी हे कृत्य केलं, माझ्यावर जबरदस्ती झाली, मुलखात बंदोबस्त नाही, काय करायचं ते कळवा. अर्स्किनने २ जुलैला उत्तर दिलं: नवा अधिकारी येईपर्यंत सरकारच्या वतीने झाशीचा कारभार तुम्ही बघा, वसूल गोळा करा, पोलीस ठेवा. सोबत रयतेसाठी जाहीरनामाही.

म्हणजे १८५४ मध्ये जी सत्ता तहांचे दाखले देऊन मिळाली नाही, ती १८५७ मध्ये इंग्रजांच्याच कमिशनरच्या सहीने हातात आली. एकीकडे बादशहाच्या नावाने फिरलेली दवंडी, दुसरीकडे कंपनीचा जाहीरनामा. राणीने यातला एकही कागद टाकून दिला नाही. देशभक्तीच्या सिनेमाला ही पत्रं अडचणीची वाटतात, कारण त्यांत राणी इंग्रजांशी गोड बोलते. मला उलट वाटतं. भोवती शेजारी संस्थानं टपलेली, सैन्य नाही, खजिन्यात खडखडाट, आणि दिल्लीत कोण जिंकणार हे अजून कुणालाच माहीत नाही. अशा वेळी दोन्ही दारं उघडी ठेवणारी बाई जास्त मोठी राजकारणी दिसते. इंग्रजांनी पुढे तिला जोखनबागेबद्दल जबाबदार धरलं आणि एक दार त्यांच्या बाजूने बंद झालं. त्यानंतरच्या लढाईला यामुळेच वजन येतं. सुरुवातीपासून तलवार उपसून बसलेल्या नायिकेला निवड करावीच लागत नाही.

सदाशिवरावाचा खरा प्रसंगही याच दिवसांतला. पारोळ्याच्या शाखेतला हा नेवाळकर १८५३ पासून गादीवर हक्क सांगत होता. शिपाई निघून जाताच त्याने झाशीपासून तीसेक मैलांवरचं करेरा घेतलं आणि स्वतःला झाशीचा महाराज म्हणवून घेतलं. राणीने फौज पाठवून त्याला पळवला, नंतर पकडून झाशीत कैदेत ठेवला. सिनेमाने त्याला फितूर बनवून मुलाच्या खुनापर्यंत नेला. आधी हे काम सोनू सूद करत होता, तो बाहेर पडल्यावर मोहम्मद झीशान अय्यूबला घेऊन पुन्हा चित्रीकरण झालं. दिग्दर्शनाच्याही दोन पाट्या आहेत, क्रिश आणि खुद्द नायिका कंगना राणावत. दोन हातांनी लिहिलेलं अक्षर काही ठिकाणी ओळखू येतं. सदाशिवच्या भागात तर नक्कीच. भाऊबंदकीतला हक्कदार आणि कथेतला खलनायक या दोन भूमिका एकमेकींत मिसळलेल्याच नाहीत.

यानंतर ओरछ्याचा नथेखान चालून आला. त्याने निरोप पाठवला की झाशी आमच्या हवाली करा, इंग्रज देत होते तो तनखा आम्ही चालू ठेवू. राणीने आसपासच्या बुंदेल ठाकुरांना बोलावलं, बुरुजांवर तोफा चढवल्या आणि त्याला परतवला. १८५८ च्या वेढ्याची तालीम ती हीच. सिनेमात बायकांना तलवारीचं शिक्षण देण्याची छान चित्रित केलेली दृश्यं आहेत, पण फौज उभी करणं म्हणजे मुख्यतः पगार, दाणागोटा आणि दारूगोळा. नथेखानच्या लढाईत राणीला कळलं असणार की कुठला बुरुज कुठली बाजू झाकतो, कुठला ठाकूर वेळेवर येतो आणि कुठला नुसतं कळवतो.

वेढा. इंग्रज सेनापती ह्यू रोज २१ मार्च १८५८ ला झाशीसमोर आला. चैत्र चालू होता. शत्रू समोर असताना राणीने चैत्रगौरीचं हळदीकुंकू थाटात केल्याची हकीकत आहे. शहराला धीर देण्याचा याहून मराठी मार्ग सुचणं कठीण. मग तोफा सुरू झाल्या आणि इथे सिनेमाशी माझं भांडण बारीकसारीक तपशिलांचं आहे.

त्या काळची तोफ तोंडाकडून भरायची. एक बार उडाला की आधी ओला बोळा लावलेला गज आत फिरवून पेटते कण विझवायचे. ते राहून गेलं तर पुढची दारू भरतानाच पेट घेते आणि भरणाऱ्याचे हात जातात. मग दारूची पिशवी, मग बोळा, मग गोळा, प्रत्येक वेळी गजाने ठासून. कानातून, म्हणजे नळीच्या मागच्या बारीक छिद्रातून, सळई घालून पिशवी फोडायची, कानात रंजक (पेट घेणारी बारीक दारू) भरायची, मागे सरून जामगी (पेटती वात) लावायची. तोफ धक्क्याने मागे येते, ती परत ढकलून नेम धरायचा. किल्ल्यावरच्या मोठ्या तोफेला या सगळ्याला कित्येक मिनिटं लागतात, आणि नळी तापली की थांबावंच लागतं. गोळा बहुतेक वेळा भरीव लोखंडाचा, तो फुटत नाही. भिंतीला खड्डा पाडतो, माणसांच्या रांगेतून उसळ्या मारत जातो. फुटणारे ते कुलपी गोळे, उखळी तोफांतून येणारे, आणि शहरातल्या लोकांना धाक होता तो त्यांचाच. पडद्यावर मात्र प्रत्येक गोळा पेट्रोलच्या भडक्यासारखा फुटतो आणि गोलंदाज बंदूक चालवावी तसे एकामागून एक बार काढतात. त्यामुळे राणीचा गोलंदाज गुलाम गौस खान हा कसबी माणूस होता हे कळतच नाही. डॅनी डेंझोंग्पाच्या चेहऱ्यात ते कसब दिसतं, कामात नाही. कडकबिजली आणि भवानीशंकर या तोफा आजही झाशीच्या किल्ल्यात आहेत. त्यांच्याजवळ उभं राहिलं तर एक बार काढायला किती माणसं लागत असतील याचा अंदाज येतो.

बायकांबद्दल मात्र सिनेमा अतिशयोक्ती करतो असं म्हणता येणार नाही. झाशीच्या बायका तोफांच्या मोर्चांवर राबताना, दारूगोळा वाहताना दिसत होत्या, ही नोंद ह्यू रोजच्याच बाजूची आहे. तटाला खिंडार पडलं की रात्रीत तिथे लाकडी मेढेकोट उभा राहायचा. इंग्रजांना तो जाळायला तापवून लाल केलेले गोळे मारावे लागले.

झाशी पडली कशी, यात तात्या टोप्यांचा वाटा मोठा. ३१ मार्चला ते वीस हजारांवर माणसं घेऊन आले, टेकडीवर होळी पेटवून इशारा दिला, किल्ल्यातून आनंदाचे बार निघाले. रोजने वेढा उठवला नाही. तटावरचा मारा चालू ठेवून जेमतेम दीड हजार माणसं बाजूला काढली आणि १ एप्रिलला बेतवा नदीच्या काठी तात्यांची पहिली फळी मोडली. दुसरी फळी मदतीला येण्याइतकी जवळ नव्हती. किल्ल्यातून त्या वेळी जोरदार हल्ला झाला असता तर रोज दोन्हीकडून सापडला असता. तसा तो झाला नाही. ३ एप्रिलला शिड्या लागल्या. एका बाजूला शिड्या आखूड पडल्या, काही वजनाने मोडल्या, आधी चढलेले अधिकारी वरच मारले गेले. दुसऱ्या बाजूने, खिंडारातून, माणसं आत आली. त्यानंतर चार दिवस शहरात जी कत्तल आणि लूट झाली ती गोडशांनी आत बसून पाहिली. त्यांची ती पानं वाचल्यावर सिनेमातली लढाई फारच स्वच्छ वाटते.

४ एप्रिलच्या रात्री राणी निसटली. तटावरून घोड्याची उडी ही लोकांच्या मनातली गोष्ट आहे. थोडे स्वार घेऊन भांडेरी दरवाजाने ती बाहेर पडली असं मानण्याकडे अभ्यासकांचा कल आहे. पुतळ्यांत, कॅलेंडरांत तिच्या पाठीला तान्हं बाळ बांधलेलं असतं. दामोदरराव १८५३ मध्ये पाच वर्षांचा होता, म्हणजे या रात्री नऊ-दहाचा. पंचवीसेक किलोचं पोर पाठीशी घट्ट बांधून रात्रभर घोडा फेकायचा तर तोल सारखा मागे जातो, तलवारीचा हात उघडायला जागा राहत नाही. बाळापेक्षा हे किती अवघड, पण कुणीच तसं दाखवत नाही.

घोड्यावरून आठवलं. सिनेमा लागल्यानंतर एक चित्रफीत फिरली, तिच्यात नायिका यांत्रिक घोड्यावर बसून लढते आहे, आणि लोकांनी तिची यथेच्छ टवाळी केली. टवाळी चुकीच्या जागी होती. धावत्या घोड्यावरची लढाई अशीच घेतात: लांबचं दृश्य कसलेला स्वार देतो, जवळचं दृश्य सांगाड्यावर मान बसवलेल्या यांत्रिक घोड्यावर घेतात, कारण खरा घोडा कॅमेऱ्यापासून सारखं अंतर ठेवत नाही आणि त्याच्या कानाजवळ तलवारी आपटणं दोघांच्याही जिवावर येतं. २०१७ मध्ये हैदराबादच्या चित्रीकरणात याच अभिनेत्रीच्या कपाळाला तलवार लागून टाके पडले होते. अडचण वेगळीच आहे. भरधाव घोड्यावर स्वाराची कंबर मऊ पडते, धक्का कमरेत जिरतो आणि खांदे जवळजवळ स्थिर राहतात. यंत्र नुसतं वरखाली करतं, मग कंबर ताठ आणि खांदे हलतात. दोन प्रकारची दृश्यं शेजारी जोडली की डोळा ते पकडतो, कारण सांगता आलं नाही तरी.

सोहराब मोदींनी १९५३ मध्ये ‘झाँसी की रानी’ काढला तेव्हा वेगळ्या अडचणी होत्या. टेक्निकलरमधला तो पहिला भारतीय चित्रपट. छायाचित्रकार अर्नेस्ट हॅलर हॉलिवूडहून आणलेला, प्रक्रिया लंडनला. मेहताब राणी झाली. रंग देखणे, माणसं ताठ. पैसा बुडाला. पण त्यात दरबाराला वेळ दिलेला आहे, माणसं बसून बोलतात, आणि या विषयाला बसून बोलणाऱ्या माणसांची गरज आहे.

गोडशांच्या पुस्तकात झाशी पडल्यानंतरची एक भेट आहे. काल्पीच्या वाटेवर, उजाडायच्या सुमारास, ते विहिरीवर असताना चार-पाच स्वार आले. एक जण पठाणी वेशात, नखशिखांत धुळीने भरलेला. ती राणी होती. गोडसे पाणी काढायला पुढे झाले तर तिने थांबवलं, तुम्ही विद्वान ब्राह्मण, माझ्यासाठी पाणी काढू नका म्हणाली. स्वतः मडकं सोडलं, ओंजळीने प्यायली. आणि बोलली ते साधारण असं, की मी ‘अर्धा शेर तांदुळाची धनीण’, मला विधवेला हा उद्योग करायची काही गरज नव्हती. अर्धा शेर तांदूळ म्हणजे एका माणसाचं दिवसाचं पोट. राज्य गेलेली राणी स्वतःचा हिशोब असा मांडते, मराठीत, एका कोकणी भिक्षुकाजवळ. हे संभाषण गोडशांनी पंचवीस वर्षांनी आठवून लिहिलं, तेव्हा शब्दाला शब्द धरता येणार नाही. तरी सिनेमातल्या कुठल्याही भाषणापेक्षा हे मला विश्वासार्ह वाटतं, कारण यात पाणी कुणी काढायचं याचाही विचार आहे.

१ जूनला ग्वाल्हेर हाती आलं, १७ जूनला ग्वाल्हेरनजीक कोटा की सरायजवळ इंग्रजांच्या हुसार घोडदळाशी गाठ पडली आणि राणी पडली. काही नोंदी मृत्यूची तारीख १८ देतात. सिनेमातली राणी शेवटी ज्वाळांत शिरते आणि पडदा पडतो. दामोदरराव मात्र जिवंत राहिला. काही निष्ठावंतांबरोबर रानोमाळ भटकून अखेर इंग्रजांच्या स्वाधीन झाला, इंदूरला लहानशा तनख्यावर राहिला आणि १९०६ मध्ये वारला. वयात आल्यावर त्याला मिळायचे ते सहा लाख त्याला कधीच मिळाले नाहीत. एवढं सांगायला सिनेमाच्या शेवटी दोन ओळींची पाटी पुरली असती.